एडुईंची पोरं आणि माझी अनू

भाषा मारायला सैन्य लागतं, असं तुम्हाला वाटतं काय? मलाबी तसंच वाटायचं, आणि मी तर इतिहासाची बाई.

मी शालन, मूळची निपाणीची. आई विड्या वळायची. पान कातरायचं, तंबाखू भरायची, दोरा गुंडाळायचा आणि तोंड चालूच, शेजारणीशी भांडण, माझ्याशी गप्पा, देवाला शिव्या, सगळं एका दमात. मी तिच्या गुडघ्याला टेकून पाटी घेऊन बसायची, त्यामुळं मला आधी बोलणं आलं आणि मग लिहिणं. मराठी शाळेतनं शिकले, बी.एड. झालं आणि बेळगावात एका मराठी हायस्कुलात लागले. नवरा उद्यमबागेत फाउंड्रीत, घर हिंडलग्याला, एकच पोरगी, अनू.

आता मराठी शाळेच्या बाईला काय काय करायला लागतं, काय सांगू तुम्हाला. मे महिन्यात लोक आंबं खात्यात आणि आम्ही पोरं गोळा करत दारोदार हिंडतो. आठवीचा वर्ग भरला न्हाय तर वर्ग बंद, एक वर्ग बंद झाला की पाठोपाठ शाळा. एका घरात तर बाई दारातच हात जोडून म्हणाली, बाई, पाणी घ्या, चहा घ्या, पर पोरगं मागू नका. हसलो आम्ही, काय करणार. मी सगळीकडं एकच सांगायची, मातृभाषेत शिकवा, पोराचं डोकं चालतं. आणि कुणीतरी हमखास विचारायचं, बाई, तुमची अनू कुठल्या शाळंत? मी म्हणायची, तिच्या पप्पांची हौस, इंग्रजीत घातलीया. खोटं, साफ खोटं. नवरा बिचारा म्हणत होता मराठीत घालू, तुझ्याच शाळंत येईल की. इंग्रजी शाळेच्या फाटकासमोर उन्हात प्रवेशाच्या रांगेत मी उभी होते. अजूनबी कुणी विचारलं की त्याचंच नाव पुढं करते.

तर नववीला रोमन साम्राज्य शिकवायचं होतं. पुस्तकात गॉलवर दोन ओळी. गॉल म्हणजे आजचा फ्रान्स. मी म्हटलं, पोरांना जरा रंगवून सांगू, म्हणून एडुई नावाच्या जमातीची गोष्ट घेतली. हे एडुई गॉलमधले वजनदार लोक. रोमनं त्यांना भाऊ म्हटलं होतं. भाऊ! पुढं बंड झालं, त्यात हेबी सामील झाले, हरले, तरी रोमनं त्यांना सांभाळून घेतलं. मग डोंगरावरचं त्यांचं जुनं गाव हळूहळू ओस पडलं आणि खाली रोमन बादशहाच्या नावाचं नवं शहर उठलं. तिथं नामांकित शाळा. गॉलमधल्या बड्या घरांतली पोरं तिथं ल्याटिन शिकायला. आणि त्याचा फायदा झाला न्हाय असं न्हाय हं, रोमच्या सिनेटात बसायचा मान गॉलमधल्या या लोकांत पहिल्यांदा एडुईंनाच मिळाला. म्हणजे आईबाप काय येडे नव्हते, हे नीट लिहून घ्या. पर काही शतकांनी त्यांची बोली गेली ती गेलीच. बंदी घातल्याचं मी तरी कुठं वाचलं न्हाय. मागं राहिलं काय, तर फ्रेंच भाषेत गॉल लोकांचे थोडे शब्द, नांगराचा, मधमाशांच्या घराचा, चुलीच्या काजळीचा. शेतात आणि चुलीपाशी जे बोललं जायचं, तेवढंच टिकलं.

मागच्या बाकावरनं पूजा उठली. बाई, मग त्या पोरांना शाळंत सैनिकांनी ओढत नेलं काय?

न्हाय गं, आईबापांनीच घातलं.

आपल्या अनूगतच की ओ बाई!

वर्ग हसला, मीबी हसले, खडू उचलला आणि फळ्याकडं तोंड केलं. या पूजाच्या आईपुढं मी तिच्या आठवीच्या वेळी मे महिन्यात दोनदा बसले होते, पोरीला मराठीतच ठेवा म्हणून. डोकं चालतं म्हटलं होतं ना, चाललं बघा. पोरगी माझ्या भरवशावर माझ्या वर्गात, आणि माझी पोरगी दुसरीकडं. एडुई सरदारानं दुसऱ्याच्या पोरांना सांगितलं असतं काय, तुम्ही डोंगरावरच राहा, माझं तेवढं ल्याटिन शिकू दे? मी तेच केलं, तेच करतीया.

त्या वेळी आई आमच्याकडंच राहायला होती. आई अनूला काय म्हणायची, तर अनू माझ्याकडं बघायची, मम्मा, आजी काय म्हणतीये? मग मी आजीचं नातीला सांगायचं, नातीचं आजीला. आई चिडायची, आगं, ही माझ्याशी पाव्हण्यागत बोलतीया, यस नो, यस नो, आणि तू मधी पोष्टमनगत! एक दिवस म्हणाली, मला निपाणीला सोड. मी म्हटलं, आई, हितं काय कमी हाय? कमी काय न्हाय गं, दोन येळंला ताट येतंय, पर तिथं दारात बसलं तरी चार बायका भांडाय तरी येत्यात. मी तिला भावाकडं सोडून आले. बसमध्ये सगळी वाट खिडकीकडं तोंड करून बसलेली.

मला वाटायचं, आमचं रोम म्हणजे बेंगळूर. पाट्या कन्नडात का मराठीत याचं भांडण, घोषणा, पत्रकं, यातच आम्ही वाढलो. भाषेचा हक्क मागायचाच, त्यात माझं दुमत न्हाय. पर आई निपाणीला गेल्यावर शेजारच्या शांतक्का, घरात कन्नड, त्या कट्ट्यावर येऊन बसल्या. त्यांचा नातू त्यांना ओके अज्जी एवढंच म्हणतो. म्हणाल्या, शालनबाई, नम्म मन्यागू इदे कथी, आमच्या घरात बी हीच कथा. ज्या दोन भाषांनी रस्त्यावर एकमेकींचे गळे धरले, त्यांच्या आज्ज्या घराघरात गप बसल्यात, आणि त्यांना गप कुणी केलं? आम्हीच, लाडानं, नवीन गणवेश घेऊन.

मग अनूला त्या शाळेतनं काढलं काय म्हणाल, तर न्हाय. तिचं चांगलं चाललंय, तिला इंजिनेर व्हायचंय, आणि मला भ्या वाटतं. रविवारी तिला घेऊन निपाणीला जाते. आईच्या पुढ्यात बसवते आणि मी आत भावजयीला भाकरी थापू लागते. पहिल्यांदा बाहेरनं लगेच नातीची हाक आली, मम्मा! मी गेले न्हाय, लई जड गेलं. परवा आईचा आवाज ऐकला, आगं येडे, असं न्हवं, पुन्यांदा म्हण, आणि दोघी हसल्या. कशावर हसल्या मला ठाऊक न्हाय, मी विचारलं न्हाय. यानं माझं पाप फिटत न्हाय. येत्या मे महिन्यात पूजाच्या आईच्या दारात जाईन तेव्हा अनूला इंग्रजीत मीच घातलं म्हणून सांगीन, नवऱ्याचं नाव पुढं करणार न्हाय, एवढं ठरवलंय. पूजाला माझं आयुष्य लागो.

आणि तुम्हाला एक मागणं. मराठी असा, कन्नड असा, आजच्या आज तुमच्या पोराला घरातल्या म्हाताऱ्या माणसाजवळ बसवा, घरात न्हाय तर फोनवर, आणि दिवसभरात काय झालं ते त्या माणसाच्या बोलीत सांगायला लावा. अडखळू दे, चुकू दे, रडू दे. तुम्ही तेवढं उठा आणि दुसऱ्या खोलीत जा.