सासूबाईंची मूठ

प्लास्टर काढायच्या खोलीबाहेर आपला नंबर यायची वाट पाहत बसलेल्या एका बाईंच्या कानावर शेजारच्या सासू-सुनेचं बोलणं पडत होतं.

“आई, अक्रोडाची बिस्किटं परवाही पसरली हो. तुम्ही सांगितल्याप्रमाणे चार मुठीच पीठ घेतलं होतं.”

“मूठ कोणाची?”

“माझीच की!”

“अगं, तुझी मूठ चिमणीएवढी! लोणी मात्र माझ्या वाटीचं. पसरतील नाहीतर काय!”

“म्हणूनच आज तुमच्या मुठीनं घ्यायचं.”

“हा हात आता मिटेल का गं?”

“मिटेल हो. जाऊन तर या आत.”

थोड्या वेळानं सासूबाई मोकळ्या हाताकडे बघत बाहेर आल्या.

“बघ, मूठ निम्मीच मिटते.”

“मग बरंच झालं की! पीठ जास्त मावेल, बिस्किटं पसरणार नाहीत. चला घरी, लोणी बाहेर काढूनच आलेय.”