वीणाच्या कॉम्प्युटरने माझी शिकवणी खाल्ली

माझा जन्म इथलाच, बेंगळुरातला, नगर्तपेटेतला. पणजोबा कुठल्या गावाहून आले ते आता सांगणारं कुणी उरलं नाही. घरात मराठी, दाराबाहेर पाऊल टाकलं की कन्नड, आणि भांडण आलं की दोन्ही. बाप शिंपी होता, पण मला बी.एस्सी.पर्यंत शिकवलं त्याने, आमच्या गल्लीतल्या बायकांत मीच पहिली. मग लग्न झालं, नवरा गिरणीत होता, गिरणी बंद पडली आणि तो माणूस खाटेवर बसला तो बसलाच. काय सांगू तुम्हाला, सासू, दोन पोरं आणि तो, सगळे माझ्या तोंडाकडे बघणार. मग पुढच्या खोलीत चटई टाकली आणि गणिताची शिकवणी सुरू केली. सरोजा मिस म्हणायचे मला, अजून म्हणतात जुने लोक.

पुस्तकातली गणितं मी घेत नव्हते. पुस्तकात नळ आणि हौद, आमच्या गल्लीत नळाला पाणी कुठे होतं? मी माझी गणितं रचायची. फूलवाली कमलक्का माळ हाताने मोजते, कोपरापासून बोटापर्यंत एक मोळ, आता तिने कोपर आखडून धरलं तर गिऱ्हाइकाची किती फुलं गेली? देवळातल्या भटजींनी प्रसादाच्या कोसंबरीतला, म्हणजे डाळीच्या कोशिंबिरीतला, तिसरा वाटा आधीच आपल्या पोराला खायला घातला तर रांगेतल्यांना किती? अशी. भाजी चिरताना सुचायची, बसमध्ये सुचायची. आणि पोरगं चुकलं की मी ओरडायची. ओरडणार नाही तर काय ओवाळणार? पण माझ्याकडचं एक पोर दहावीला गणितात नापास झालं नाही, विचारा कुणालाही.

वीणा माझ्याचकडे शिकली. माधवण्णाची मुलगी, समोर त्यांचं कापडाचं दुकान. नव्वदनंतरची ती वर्षं, सगळ्या शहराला कॉम्प्युटरचं वेड लागलेलं, कोपऱ्याकोपऱ्यावर क्लास, म्हणून माधवण्णानेही बिलं करायला एक डबा आणला. बिलं राहिली बाजूला, ही पोरगी त्याला चिकटली. क्लास नाही, मास्तर नाही, डब्याबरोबर आलेलं जाडं पुस्तक मांडीवर घेऊन बसायची, एकदा दुकानाचा सगळा हिशोब पुसून टाकला, बापाच्या शिव्या खाल्ल्या, परत बसली. सोळा-सतरा वर्षांची असेल. हुशार होती. ते मी नाकारत नाही, नाकारून काय उपयोग.

मग माझी पोरं गळायला लागली. आज पोट दुखतं, उद्या पाहुणे आलेत. आधी दोघं, मग चौघं, मग चटईचा अर्धा भाग रिकामा. शेवटी आमच्या धाकट्यानेच सांगितलं, अम्मा, सगळे वीणाक्काच्या दुकानात असतात, कॉम्प्युटर शिकवतो. मी तशीच उठले, हात ओला, पदर खोचलेला, रस्ता ओलांडून गेले.

कापडाच्या गठ्ठ्यांवर पोरं बसलेली, सगळी माझी. पोराने नाव टाइप करायचं, इयत्ता टाइप करायची, की गणित येणार. चुकलेलं गणित दुसऱ्या दिवशी तेच परत येणार. आणि गणित कुठलं? कमलक्काची माळ. पुढचं? भटजींची कोसंबरी. कन्नड, पण इंग्रजी अक्षरांत, हिरवं हिरवं. मी बघत होते तोवर एका पोराने चूक केली आणि पडद्यावर आलं, डोळे उघड, परत बघ. अहो, हे माझं वाक्य! मी ज्या वाक्यावर पोरांना रडवलं त्या वाक्यावर तीच पोरं खिदळत होती.

म्हटलं वीणा, ही गणितं कुणाची ग? म्हणाली, तुमचीच मिस, अशी कुणालाच येत नाहीत. म्हटलं, मग विचारलंस मला? तर म्हणते, विचारलं असतं तर दिली असती तुम्ही? नसती दिली, मी म्हटलं. मग, म्हणते. तोंड वर करून. माधवण्णा मधे पडला, अक्का, स्वल्प समजून घ्या, लहान आहे ती. म्हटलं, माझं पोट मारण्याएवढी मोठी आहे. तेव्हा वीणा म्हणाली, मिस, हा ओरडतो तेव्हा पोरांना भीती नाही वाटत. पोरांसमोर बोलली ती.

ती थांबली नाही. फ्लॉप्या भरून दुसऱ्या गल्ल्यांत वाटल्या. मग कोरमंगलातल्या एका मोठ्या शाळेने ते सगळं आपल्या मुलांसाठी घेतलं, तिचा सत्कार ठेवला. मी लग्नातली साडी नेसून बसने गेले आणि मागच्या रांगेत बसले. वीणा माइकवर म्हणाली, आमच्या गल्लीतून मला ही गणितं मिळाली. मी उभी राहिले. म्हटलं, गल्लीला गणित येत नाही, मला येतं! सगळा हॉल मागे वळला. वीणाने तोंड उघडलं होतं, काहीतरी म्हणणार होती ती, पण हेडबाईंनी माइक काढून घेतला, लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि शिपायाने माझा दंड धरून मला बाहेर काढलं. त्या टाळ्या मी फाटकापर्यंत ऐकल्या.

नंतर ती घरी आली. मिस, या, दाखवायचंय. मी गेले, का गेले देव जाणे. पडदा उजळला आणि पहिलंच आलं, गणित, सरोजा मिस. माझं नाव हो, एवढ्या मोठ्या अक्षरांत. दोनदा वाचलं मी ते, खोटं कशाला बोलू. मग पोरं बसली आणि माझ्या नावाखाली त्यांचा खेळ सुरू झाला, आणि रस्त्यापलीकडे माझी खोली दिसत होती, दार उघडं, आत कुणी नाही.

म्हटलं, काढ ते. ती रडायला लागली, मिस, तुम्हालाच हवं होतं ना? म्हटलं, मला पोरं हवी होती ग.

काढलं की ठेवलं, मी बघायला गेले नाही. शिकवणी बंद केली, साडीच्या दुकानात गल्ल्यावर बसले, त्यातच केस पिकले. पोरांची लग्नं झाली, थोरला महादेवपुरात असतो, त्याचंही काम कॉम्प्युटरवरच. नवरा गेला. वीणा परदेशात आहे, मोठी झाली म्हणतात. गेल्या वर्षी माधवण्णाच्या हाती निरोप आला, ती येणार आहे, मिसना भेटायचं म्हणते. मी म्हटलं, अण्णा, तिला सांगा, तिचं चांगलं होऊ दे, तिच्या लेकरांना कशाची कमी पडू नये, मी रोज दिवा लावताना तिचंही नाव घेते. पण माझ्या दारात तिने येऊ नये.