सुरी मानेच्या दुप्पट

(इल्फर्ड. एका फ्लॅटमधलं स्वयंपाकघर, दुपारचे साडेचार. सियोन, वय एकोणऐंशी. त्यांचा मुलगा नॅथॅनिएल नुकताच आला आहे. अंगातला कोट काढलेला नाही, हातात फोन आहे.)

सियोन: पुन्हा वाच. हळू वाच, आणि मराठीत सांग. माझं इंग्रजी टपालाच्या सॉर्टिंग ऑफिसातलं आहे, वकिलांचं नाही.

नॅथॅनिएल: "पहिली गोळी रानरेड्याच्या खांद्यात नीट लागली. तेंदाई या ट्रॅकरला थांबायला सांगितलं होतं, पण तो आपल्या मर्जीने झाडीत पुढे गेला." बस. एवढंच आहे. खाली माझी सही पाहिजे. आज पाचपर्यंत.

सियोन: कोणाला पाहिजे?

नॅथॅनिएल: सफारीवाल्यांना. तो हंटर, जो आमच्याबरोबर होता, त्यानेच ड्राफ्ट केलंय. तिकडे इन्क्वायरी आहे ना, त्याचं लायसन्स जाईल नाहीतर.

सियोन: आणि यातलं खरं किती?

नॅथॅनिएल: तेंदाईचं नाव खरं आहे.

सियोन: फोनवर तू मला म्हणालास, अपघात झाला, आमचा एक माणूस गेला. मिखालला काय सांगितलंस?

नॅथॅनिएल: तेच.

सियोन: बायकोला तेच, बापाला तेच. मग आज एवढ्या लांब आलास तो काय माझा चहा प्यायला? बस आधी. कोट काढ.

नॅथॅनिएल: थंडी वाजतेय.

सियोन: बरं, राहू दे. तो माणूस खरंच आपल्या मर्जीने पुढे गेला?

नॅथॅनिएल: नाही. तो पुढेच चालायचा, पप्पा. रोज. त्याचा जॉबच तो होता, जमिनीवरच्या खुणा बघत पुढे जायचं. हातात फक्त काठी. बंदुका आमच्याकडे, आम्ही त्याच्या मागे. त्याला कोणी थांब म्हणालं नाही.

सियोन: आणि गोळी?

नॅथॅनिएल: त्याच्या आधीचं सांगायला लागेल. मी मार्चमध्ये तुम्हाला फोन केला होता, आठवतं? कुठलं रायफल घेऊ म्हणून.

सियोन: आठवतं. मी म्हटलं, शिकार आपल्या लोकांना मना आहे. जे खायचं नाही ते मारायचं कशाला.

नॅथॅनिएल: ते आधी म्हणालात. मग म्हणालात...

सियोन: काय म्हणालो ते ठाऊक आहे मला.

नॅथॅनिएल: सुरी मानेच्या दुप्पट हवी. लहान सुरी म्हणजे जनावराचा छळ.

सियोन: ते बकऱ्याचं होतं रे. सुरीचं होतं.

नॅथॅनिएल: मला ते एवढं बरोबर वाटलं. पोलिसांची बाई घरी आली होती, बंदुकीच्या सर्टिफिकेटसाठी. म्हणाली, एवढं मोठं रायफल कशाला पाहिजे तुला? मी तुमचं वाक्य ट्रान्सलेट करून सांगितलं. तिने लिहून घेतलं. तिला पण आवडलं.

सियोन: लहान नव्हती का दुसरी एखादी?

नॅथॅनिएल: होतं ना. क्लबमधला यतीन, जो माझ्याबरोबर तिकडे आला होता, त्याचं आहे, थ्री सेव्हन्टी-फाइव्ह. रेड्यासाठी ते पुरतं, सगळे तेच नेतात. त्याने मी पाच गोळ्या मारल्या, पाचही या बशीएवढ्या जागेत. हंटर पण ईमेलमध्ये म्हणाला, तेच आण, जे तुला नीट मारता येतं ते आण. पण त्याच्यावरचं फोर फिफ्टी-एट मिळतं. त्याचं काडतूस माझ्या मधल्या बोटाएवढं. मला वाटलं, जेवढी मोठी गोळी तेवढं लवकर मरणार. त्याला कळणार पण नाही. मला वाटलं हेच एथिकल आहे, पप्पा. मी शो करायला नाही घेतलं.

सियोन: नाही, शो करणाऱ्यातला तू नाहीस. पुढे?

नॅथॅनिएल: आमच्या रेंजवर ते चालत नाही, तिथे पॉवरचं लिमिट आहे. वेल्सला जायला लागायचं. दोनदा गेलो. अकरा गोळ्या मारल्या, बारावीला हात उचलेना. खांदा वांग्यासारखा झाला होता, मिखालने फोटो काढलाय. आणि मग ते सुरू झालं.

सियोन: काय?

नॅथॅनिएल: चाप ओढायच्या आधीच डोळे मिटायचे. आपोआप. अंगाला माहीत असायचं ना, आता धक्का बसणार. स्कॉटलंडमध्ये मी दोनशे मीटरवरून हरीण मारतो, ते जागेवर बसतं, आणि इथे मला कागदावरचं काळं गोल सापडेना.

सियोन: हे जायच्या आधी ठाऊक होतं तुला.

नॅथॅनिएल: हो.

सियोन: आणि तरी तीच नेलीस.

नॅथॅनिएल: मला वाटलं, खऱ्या वेळी होईल नीट.

सियोन: सगळ्यांना तसंच वाटतं.

नॅथॅनिएल: साठ मीटर होतं, पप्पा. साठच. रेडा बाजूने उभा. मी डोळे मिटले, आवाज झाला, उघडले तर तो झाडीत गेलेला. हंटरने मला विचारलं, कुठे लागली? आणि मी म्हणालो, खांद्यात.

सियोन: तू तर पाहिलंच नव्हतंस.

नॅथॅनिएल: नाही. पण त्याला कसं सांगणार, डोळे मिटलेले होते माझे? तो माझ्याकडे बघत होता. यतीन बघत होता. तोंडातून आलं, खांद्यात.

सियोन: लागली कुठे?

नॅथॅनिएल: पोटात. खांद्यात लागली तर जनावर पाच-दहा मिनिटांत मरतं. पोटात लागली असेल तर दोन तास कोणी झाडीत जात नाही, कारण ते आत उभं राहून वाट बघतं. मी खांदा म्हणालो म्हणून सगळे वीस मिनिटांत निघाले. तेंदाई पुढे.

सियोन: पुढचं नको सांगूस.

नॅथॅनिएल: ते मी पाहिलं. ते सगळं पाहिलं.

सियोन: नको म्हटलं ना. चहा घे. निवतोय.

नॅथॅनिएल: नको.

सियोन: त्याच्या मागे कोण आहे?

नॅथॅनिएल: आई आहे. आणि भाऊ, दोन मुलं आहेत त्याला. तो पण ट्रॅकरच आहे, दुसऱ्या कॅम्पवर. हे स्टेटमेंट गेलं की त्याला कोणी कामावर घेणार नाही. तिथे सगळे एकमेकांना ओळखतात. ज्याचा भाऊ सांगितलेलं ऐकत नाही आणि मरतो, त्याला पुढे कोण चालवणार? यतीनने सांगितलं मला हे. यतीनने सही केली काल.

सियोन: त्याने केली असेल. तू करू नकोस.

नॅथॅनिएल: एवढं सोपं नाहीये.

सियोन: सोपं आहे म्हटलं का मी? जो मेला त्याच्यावर ढकलून तुम्ही सगळे मोकळे होणार. तो उठून काही बोलणार नाही. लिही, गोळी पोटात लागली, मी खोटं बोललो, त्याला कोणी थांबवलं नव्हतं. तीन वाक्यं आहेत.

नॅथॅनिएल: आणि मग? सर्टिफिकेट जाईल, ते जाऊ दे, मला परत बंदूक बघायचीच नाहीये. तिकडच्या कोर्टात बोलावतील. ऑफिसात कळेल. मुलं गूगल करतील माझं नाव. तुम्हाला बोलायला ठीक आहे. तुम्ही तो फोटोतला माणूस आहात.

सियोन: कुठला फोटो?

नॅथॅनिएल: हा, फ्रिजच्या वरचा. शाल, नारळ, ठाण्याचं सिनेगॉग. मी तुमच्या मांडीवर आहे. जन्मापासून ऐकतोय मी ते. सियोन शोहेत, आपल्या लोकांचे बकरे कापायचा, आणि एक दिवस हात थरथरला तर स्वतः जाऊन सुरी ठेवून आला. कोणी सांगायच्या आधी. मम्मी प्रत्येक पाहुण्याला सांगायची.

सियोन: हात थरथरत नव्हता.

नॅथॅनिएल: काय?

सियोन: आत्ता बघ. एकोणऐंशी वर्षांचा आहे मी. हा कप बघ काठोकाठ भरलेला. सांडतोय?

नॅथॅनिएल: मग सुरी का दिली परत?

सियोन: फोनवर तुला मी नियम अर्धा सांगितला. सुरी दुप्पट हवी, ते खरं. पण ते सगळ्यात सोपं, पैसे टाकले की मोठी सुरी कोणालाही मिळते. कापायच्या आधी धार नखावरून फिरवून बघायची, कुठे खाच पडलीय का. आणि कापून झालं की परत बघायची. आधी सगळेच बघतात, नंतरचं बघणं जिवावर येतं.

नॅथॅनिएल: नंतर खाच दिसली तर?

सियोन: तर ते मांस बाद. जनावर कापलं नाही, फाडलं, असं धरायचं. आणि बाहेर येऊन सांगायचं.

नॅथॅनिएल: तुम्हाला दिसली.

सियोन: लग्न होतं. तीन बकरे होते. प्रत्येकानंतर बघायला हवं होतं, पण बाहेर आचारी खोळंबले होते, मी म्हटलं शेवटी एकदाच बघू. तिसऱ्यानंतर नख फिरवलं आणि ते अडकलं. कितव्या बकऱ्याला पडली खाच, देव जाणे. तिसरा फार तडफडला होता. दारात नवरीचा बाप उभा. म्हणाला, झालं ना नीट? मी म्हणालो, झालं.

नॅथॅनिएल: आणि?

सियोन: आणि दोनशे माणसं जेवली. मीही जेवलो. त्यांनी आग्रह करून दोनदा वाढलं. महिन्याभराने जाऊन सांगितलं, हात थरथरतो, मला मोकळं करा. तर त्यांनी सत्कार केला.

नॅथॅनिएल: मम्मीला माहीत होतं?

सियोन: शुलामीथला मी सांगितलं नाही. तिने विचारलं नाही. फक्त त्यानंतर घरात मासेच आणायची.

नॅथॅनिएल: मला वाटायचं ते तुमच्या कोलेस्टेरॉलमुळे.

सियोन: माशाला शोहेत लागत नाही. म्हणून तो घशाखाली उतरतो. मार्चमध्ये तुझा फोन आला ना, तेव्हा बरं वाटलं रे. चाळीस वर्षांत कोणी मला सुरीचं विचारलं नव्हतं. म्हणून ऐटीत सांगून बसलो, दुप्पट घे म्हणून. पुढचं अर्धं सांगितलं असतं तर हे सगळं सांगावं लागलं असतं. तेवढं टाळलं मी. तू ती मोठी बंदूक उचललीस, तिला माझाही हात लागलेला आहे.

नॅथॅनिएल: तुमची चूक नाहीये, पप्पा.

सियोन: कोणाची किती, ते मोजत बसायला आता वेळ नाही. म्हणून सांगतोय, सही करू नकोस.

नॅथॅनिएल: तुम्ही बोलला नाहीत. आणि काही झालं नाही.

सियोन: काहीच झालं नाही. तेच तर सांगतोय तुला.

नॅथॅनिएल: इकडे आलात. नोकरी केली, हा फ्लॅट घेतला, मला शिकवलं. सगळे तुम्हाला मान देतात. चाळीस वर्षं.

सियोन: नॅथन, मी हे त्यासाठी नाही सांगितलं.

नॅथॅनिएल: माहीत आहे.

सियोन: मग?

नॅथॅनिएल: मी इथे का आलो माहीत आहे? घरी करू शकलो असतो ना, एक मिनिटाचं काम आहे. मला वाटलं, त्या फोटोच्या खाली मला जमणार नाही. तुम्ही नको म्हणाल, आणि मी खरं लिहीन, तुमच्यासमोर लाज वाटेल म्हणून. मला तेवढंच पाहिजे होतं. कोणीतरी ज्याच्यासमोर लाज वाटेल.

सियोन: माझ्यासमोर नको वाटू दे. त्याच्या आईसमोर वाटू दे. ते बकरे होते, बाळा. हा माणूस आहे.

नॅथॅनिएल: हो. माझं जास्त वाईट आहे. पण असं करून माणूस जगतो, एवढं आता मला दिसलं.

सियोन: जगतो म्हणजे काय, ते नाही दिसलं तुला. दे तो फोन इकडे.

नॅथॅनिएल: घेऊन काय करणार? पाचला दहा कमी आहेत.

सियोन: देऊ नकोस सही. ऐक माझं.

नॅथॅनिएल: तुमचंच ऐकलं, पप्पा.

सियोन: मी गप्प बसायला हवं होतं. एकदाच खरं बोललो, तेही असं.

नॅथॅनिएल: बोटाने करायची असते ही सही. नीट येत नाही, वाकडी येते.

सियोन: घेतात ते वाकडी?

नॅथॅनिएल: घेतात.

सियोन: गेलं?

नॅथॅनिएल: गेलं.

सियोन: तो चहा ठेव तिथे. दुसरा करतो.

नॅथॅनिएल: नको, निघतो मी. मिखाल वाट बघत असेल.

सियोन: त्याच्या भावाचं नाव काय?

नॅथॅनिएल: कोणाच्या?

सियोन: तेंदाईच्या.

नॅथॅनिएल: माहीत नाही. विचारलं नाही मी.

सियोन: त्या नवरीचं नाव दीना. तिला दोन मुलगे झाले, धाकटा अश्दोदला असतो, बेकरी आहे त्याची. नवरा गेला मागच्या साली. त्या दिवसानंतर मी तिला एकदाही भेटलेलो नाही.

नॅथॅनिएल: मग हे सगळं कशाला माहीत आहे तुम्हाला?

सियोन: तू नाव तेवढं विचारून ठेव. पुढे लागतं.