धाकटा भाऊ पाण्यात उभा होता

माझ्या काकावर, खेमजीवर, अन्याय झाला तो गेल्या साली, तळोद्याच्या कथा-महोत्सवात, दुसऱ्या दिवशी दुपारी, पंगती बसायच्या जरा आधी. आधी हे वाचा, मग माझं बाकीचं.

मी गुली. तळोद्याहून जीप वर डोंगरात येते, ती थांबते तिथून पुढं पायी गेलं की आमचा पाडा. बाप लवकर गेला, काकानं वाढवलं. ऊसतोडीला गुजरातेत जायचो, तिथं फडात मोळ्या बांधता बांधता काका गोष्ट लावायचा आणि हुंकारा मी द्यायची, म्हणजे काय सांगू तुम्हाला, त्यानं एक वाक्य टाकलं की मी हूँ म्हणायचं, दुसरं टाकलं की परत हूँ, मगच तो पुढं जाणार. हूँ नाही आला तर ऐकणारा झोपला नाहीतर मेला असं आमच्यात धरतात, आणि मेलेल्याला गोष्ट कोण सांगतो? आश्रमशाळेत गुरुजी शिकवताना मी हूँ केलं तर म्हणाले, म्हैस आली का वर्गात. पोरं हसली, मी पण हसले, सवय काही सोडली नाही. आता ऊसतोड मजुरांच्या संघटनेची पत्रकं लिहिते, त्यातसुद्धा मध्येच विचारते, ऐकताय ना?

तर महोत्सव. मौखिक परंपरेचा, असं कमानीवर मोठ्या अक्षरात. मी काकाशेजारी बसायला गेले तर सूत्रसंचालक सर म्हणाले, ताई, तुम्ही खाली बसा, मध्ये मध्ये आवाज नको, रेकॉर्डिंग चाललंय. खाली बसले. काकानं आमची जुनी गोष्ट लावली, दोन भावांची, दुष्काळात नदीपलीकडून बी आणायला गेलेल्या. धाकटा ज्वारीचं बी तोंडात धरून नदीत उतरला, पाणी छातीला लागलं, एवढं म्हणून काका थांबला. मी खालून हूँ म्हटलं, ते भोंग्याच्या घरघरीत कुठं पोचतंय? पुढं सगळी सभ्य माणसं, हाताची घडी, चिडीचूप. काका वाट बघतोय. सर माईकवर म्हणाले, बाबा विसरले वाटतं, वय झालंय, जोरदार टाळ्या होऊ द्या. टाळ्या! माणूस छातीभर पाण्यात आणि हे टाळ्या वाजवतात! शाल घातली आणि उतरवलं खाली.

पंगतीत काकानं पानाला हात लावला नाही. धाकट्याच्या तोंडातलं बी मातीत पडेपर्यंत सांगणाऱ्यानं घास घ्यायचा नाही, ही रीत. सर म्हणाले, बाबा रागावले का? मी म्हटलं, नाही, भाऊ पाण्यात आहे. ते पुढच्या पंगतीकडं वळले.

पुऱ्या तळायला कोरीट गावच्या एक मावशी होत्या, त्यांनी कढईपासूनच हाक मारली, काबरं भाऊ, मन्ह्या पुऱ्या गोड नही लागन्यात का? मी सगळं सांगितलं. इतलंच? म्हणाल्या, मंग सांग ना भाऊ, आम्ही ऐकी ऱ्हायनूत. आणि झारा हातात तसाच धरून हूँ. शेजारच्या बायका हूँ, मी हूँ, पंगतीतली माणसं घास हातात धरून हूँ. धाकटा काठाला लागला, बी मातीत पडलं. मग काका जेवला. पुरी गार झाली म्हणून मावशींना वर टोमणाही मारला.

यंदा परत बोलावणं आलंय. सर फोनवर म्हणाले, बाबांना आणा, या वेळी तुम्ही पण वर बसा. मी म्हटलं, गोष्ट पुरी होईपर्यंत उठवायचं नाही. बरं म्हणाले. काकाला सांगितलं तर म्हणतो, गुले, गोष्ट मला पाठ आहे, त्यांना ऐकणं येतं का ते विचार.

मी विचारते, आणि तुम्हालाच विचारते, हे वाचणाऱ्यांना. माझा एकटीचा हूँ त्या मैदानाला पुरायचा नाही. तळोद्याला या. टाळ्या घरी ठेवून या. गोष्ट संपल्याशिवाय उठू नका, आणि पाणी छातीला लागलं की लाज सोडून तोंड उघडा. म्हणा बरं आत्ताच एकदा, मोठ्यानं.