रूथचं नाव

मी मूळची नागपूरची जी, इंदोऱ्याची. बाप गिरणीत, माय बिड्या वळायची, सहा भावंडांत मी तिसरी. शाळा सातवीपर्यंत, पण गळा बरा होता, म्हणून लग्नही गायन पार्टीतल्या ढोलकवाल्याशीच झालं. चौदा एप्रिल आला की गावोगाव भीमगीतं गायले जायचो. मी कोरसमधे, मागच्या ओळीत. कॅसेट निघाली तर तिच्यावर मेन सिंगरचं नाव, ढोलकवाल्याचं नाव, अन् कोरसवाल्यांचं काहीच नाई. वाईट वाटलं मले, खोटं कायले बोलू. पण त्याच गाण्यावर पोरगी शिकली, नर्स झाली, अमेरिकेले आली, हे विसरून कसं चालेल.

पोरगी इथं चँडलर गावाले. सिटिझन झाली तसं मले बोलावून घेतलं, दोन हजार चार असेल. यजमान वारलेले, पोरगी ड्यूटीवर, मी दिवसभर भिंतीकडे पाहत बसायची. मग पोरगी म्हणे, आई, एक म्हातारी आहे, आंघोळ घालायची, जेवू घालायचं, करतेस का? म्हटलं, करते.

ती मिस डोरीन. काय सांगू तुम्हाले, पंच्याऐंशी वर्षांची, पण लिपस्टिकशिवाय चहा पीत नव्हती. मी केसाले खोबरेल लावायची अन् ती सांगायची. टेक्सासमधे बापाच्या दुकानात काउंटरवर उभी राहून गायची, सोळाव्या वर्षी बसमधे बसून हॉलीवूडले आली, स्टुडिओनं नाव बदललं, दात बदलले, बारा पिक्चर केले, तीन नवरे केले. नवऱ्यांचं सांगताना खूप हसायची.

एक दिवस तिनं तिच्या सगळ्यात गाजलेल्या पिक्चरची टेप लावायले लावली. जहाजावर उभी राहून गाऊन राहिली, पांढरा ड्रेस, असा उंच सूर. मी माह्या मोडक्या इंग्लिशमधे विचारलं, मॅडम, तुमच्यासाठी कोणी गायलं? आता आपल्याकडे हिरोइन ओठच हलवते, गाणारी वेगळी, यात कमीपणा काय? पण तिचं तोंड पडलं. टीव्ही बंद केला, म्हणे, घरी जा.

पोरीच्या गाडीत मी रडली. पोरगी म्हणे, आई, इथं असं कोणी विचारते का? मले वाटलं, गेलं काम, अन् खरं सांगू, कामापेक्षा म्हातारी दुरावली याचंच दुःख झालं.

सकाळी तिचाच फोन, ये म्हणून. गेली तर म्हणे, पन्नास वर्षांत मले कोणी विचारलंच नाई. बाकी गाणी माझी, पण त्या गाण्यातला माझा उंच सूर स्टुडिओले आवडला नाई, म्हणून रूथ नावाच्या पोरीले बोलावलं, एका दिवसात गाऊन घेतलं, कोणाले सांगायचं नाई असं लिहून घेतलं. लोक अजून त्याच गाण्यासाठी पत्रं पाठवतात, मी सह्या करते. रूथ मेली तेव्हा मी फूलही पाठवलं नाई. असं म्हणून ती रडली. मग मी तिले आमच्या कॅसेटचं सांगितलं. म्हटलं, मॅडम, मीही रूथच.

त्याच हिवाळ्यात गावच्या लायब्ररीत तो पिक्चर दाखवणार होते, तिचा सत्कार होता. मले म्हणे, तुझी वंदनेची पांढरी साडी नेसून ये. लोक उभे राहून टाळ्या वाजवून राहिले होते अन् ती माह्या हाताले धरून उभी होती. आता तरी रूथचं सांगते की नाई, मले धाकधूक. तिनं माईक घेतला.

“तो आवाज माझा नव्हता. तिचं नाव रूथ होतं.”

मग तेच गाणं ती स्वतःच्या आवाजात गायली. वरचा सूर तुटला तर हसली, खालून घेतला, पूर्ण केलं. अन् मग माह्याकडे बोट करून माझं नाव घेतलं, पार चुकीचं घेतलं, पण माईकवर घेतलं.

मागच्या वर्षी गेली, झोपेतच, केसाले तेल लावलेलं होतं. माझं म्हणाल तर चांगलं झालं, जी. रविवारी इथं कोणाच्या ना कोणाच्या घरी बुद्धवंदना होते, पोरी कोरस धरतात, तर गाण्याआधी मी एकेकीचं नाव सांगते, त्या लाजतात, म्हणतात, काकू, कायले? सुखी राहा म्हणते त्यांले. तुम्ही लिहूनच घेऊन राहिले ना, तर नीट लिहा, तिचं नाव रूथ होतं. अन् माझं वच्छला.