विल्फचा जोडीदार

—नाही, कोट काढू नका, सर लायोनेल. इथेच उभे राहा, खुंट्यांपाशी. आत चॅपलच्या बायका हॅमची सँडविचं वाढताहेत, तुम्ही आत गेलात तर त्यांच्या हातातल्या ताटल्या तिथेच थांबतील — या गावात तुमच्या पक्षाचा माणूस निवडणुकीतसुद्धा दिसत नाही, मयताच्या चहाला कुठला दिसायला! प्रार्थनेला मागच्या बाकावर बसला होतात. पाहिलं मी. नवऱ्याला पुरायच्या दिवशीसुद्धा बाईला मागे डोळे असतात. लंडनहून आलात, पाय दुखत असतील — दुखू देत. थोडा वेळ दुखू देत.

सकाळपासून ऐकतेय मी, विल्फ असा आणि विल्फ तसा. गिरणीतल्या बाईचा मुलगा, नगरपालिकेत गेला आणि आमच्या गल्लीत घरोघर न्हाणीघर आलं. मग खासदार. दर शनिवारी माझ्या पुढच्या खोलीत लोकांची रांग — कुणाचं छप्पर गळतंय, कुणाचं पेन्शन अडलंय — आणि माझा गालिचा सगळ्या गावाच्या चिखलाने भरलेला. उपमंत्री झाला तेव्हा शेजारची मिसेस ऑल्डरॉइड म्हणाली, आता तरी त्याला नवी टोपी घे गं! तीही त्याने घेतली नाही. पक्ष हरला, मंत्रिपद गेलं, तर इस्पितळांच्या मंडळावर बसला, आणि तिथे भांडून भांडून आईबापांना मुलांच्या उशाशी हव्या त्या वेळी बसायची मुभा मिळवली. तुम्हाला माहीत आहे म्हणा सगळं. नवा मुलांचा वॉर्ड झाला तेव्हा रिबीन त्यानेच कापली — पण आत पाऊल टाकलं नाही. एकदाही नाही. मला वाटायचं, मिरवायचं नसेल त्याला.

सोमवारी थडग्याच्या दगडाचा कारागीर येणार आहे. मजकूर ठरलाय माझा. नाव, आणि खाली एकच ओळ — ‘दिलेला शब्द पाळणारा’. त्यातला प्रत्येक शब्द खरा आहे, आणि म्हणूनच तुम्हाला इथे उभं केलंय.

आत्ताच भाची विचारत होती, मावशी, तो उंच म्हातारा कोण गं? म्हटलं, तुझ्या काकांचा जोडीदार, विरुद्ध पक्षातला. शत्रू आणि जोडीदार? हसली ती. मग सांगितलं — पार्लमेंटात असं असतं बाई, एका पक्षाच्या माणसाला मतदानाला येता आलं नाही तर समोरच्या पक्षाचा एक जण आपण होऊन बाहेर राहतो, म्हणजे हिशेब बरोबरीत राहतो. शब्दावर चालतं सगळं. शब्द मोडला तर त्याच्याशी परत कुणी जोडी करत नाही. एवढंच सांगितलं तिला. पुढचं नाही सांगितलं.

पुढचं तुम्हाला सांगते. आमची हेझल नऊ वर्षांची होती. रक्ताचा आजार. त्या दिवशी सिस्टरने न मागता दोन खुर्च्या आणून ठेवल्या तिच्या पलंगाशी — त्या काळी आईबापांसाठी कुणी एकही ठेवत नसे — तेव्हाच मी समजले. विल्फ म्हणाला, काळजी करू नको, लायोनेलने शब्द दिलाय, मी इथेच आहे. आणि मग दुपारी फोन करून आला, तोंड पांढरं. म्हणाला, त्यांच्या पक्षाने सगळी माणसं बोलावलीत, लायोनेल जातोय मताला, जोडी मोडली, मला गाडी पकडायला हवी. गेला. संध्याकाळी हेझल गेली, आणि दुसरी खुर्ची तशीच. तुमची फुलं आली ती मी कचऱ्यात टाकली. नाताळचं तुमचं कार्ड कधी मांडलं नाही. आणि तो? तो तुमच्याबद्दल कधी वाकडा शब्द बोलला नाही! मी म्हणायचे, किती मोठ्या मनाचा माझा नवरा. शेवटच्या आठवड्यात तर धोशाच लावला होता — लायोनेलला बोलव, लायोनेलला बोलव. म्हटलं, ते तोंड या घरात नको. तुम्ही त्या दिवशी मत दिलंत, सर लायोनेल, आणि माझी मुलगी—

काय?

नव्हतात? तुम्ही मतदानाला नव्हतात म्हणजे? कुठे होतात मग? — घरी.

दिवसभर घरी.

ते छापतात म्हणे, कुणी कुठे मत दिलं ते. मी कधी पाहिलं नाही. कशाला पाहू, मत देऊन आलेला माझा नवराच माझ्या टेबलाशी जेवत होता. म्हणजे तुम्ही बाहेर राहिलात, आणि तो गेला. शब्द मोडला तो… आणि तुम्ही कुणाला बोलला नाहीत? तुमच्या पक्षाने फाडून खाल्लं असेल तुम्हाला. तरी नाही? इतकी वर्षं माझ्या शिव्या — त्याने सांगितल्या असतील ना तुम्हाला? सांगितल्याच असतील. आणि तुम्ही कार्डं पाठवत राहिलात.

मतासाठी नाही गेला तो. एका मताने काय होणार होतं? आदल्या दिवशी तिचा हात धरून बसला होता, एकदम उठला, बाहेर गेला, आणि वॉर्डाबाहेरच्या मोरीशी एकच कप धूत उभा राहिला. धूतच राहिला. मी पाहिलं होतं. मी पाहिलं होतं, आणि — बघवलं नाही हो त्याला. पळाला. आणि मला तोंड दाखवायला तुमचं नाव पुढे केलं. मग जन्मभर दुसऱ्यांच्या आईबापांसाठी खुर्च्या मांडत बसला, वेडा, आणि स्वतः दारातून आत गेला नाही.

आत केक कापायला मला हाक मारताहेत. ऐकलंत ना? आले गं, आले!

दगडावर काय घालू मी आता, सर लायोनेल? — नको. काही सांगू नका. इतकी वर्षं नाही सांगितलंत, आजही नका सांगू. टोपी घ्या तुमची. पायऱ्या ओल्या आहेत, कठड्याला धरून उतरा.