वहिनी फुजोशी झाली

हसू नका, पण वहिनीने एकदा मला घामच फोडला. आमच्या गावात नेटवर्क फक्त तलावाच्या पाळीवर मिळतं. तिथे बसून मी मोबाइलवर दोन मुलांच्या प्रेमाची जपानी चित्रकथा वाचत होतो. मागे वहिनी कधी आली, कळलंच नाही.

“भाऊजी, हे पोट्टे प्रेमात हायेत? मंग रडून काऊन राह्यले?”

“भांडण झालं,” मी कसाबसा म्हणालो. “हे वाचणाऱ्या पोरीले जपानात फुजोशी म्हणतात, पोराले फुदान्शी. म्हणजे सडलेले. ते सोताच गमतीनं म्हणतात. दादाले सांगू नको.”

ती मोबाइलकडे आणखी एकदा बघून निघून गेली.

जेवताना दादाने विचारलं, “पाळीवर काय करत राह्यते रे तू?”

मी ताटातली भाकर कुस्करत राहिलो. वहिनी वाढता वाढता म्हणाली, “उद्यापासून मीबी जाईन. त्यायचं भांडण मिटलं का नाई, मले पाहाचं हाये.”

“कोणाचं?”

“आमा सडलेल्यायचं हाये ते. तुमी जेवा.”